निर्यातीचा नळ

४ मार्च

ही डायरी औषधांच्या दुकानाने फुकट दिली. रोज सकाळी रक्तदाब मोजून तीत लिहायचा, असा डॉक्टरीणबाईंचा हुकूम आहे. प्रत्येक पानाच्या तळाशी खोकल्याच्या औषधाची जाहिरात आहे. आकडे लिहून कुणाचा रक्तदाब उतरल्याचं मी ऐकलेलं नाही. त्यापेक्षा तो कशाने चढतो ते लिहिलेलं बरं.

आज नळाने चढला. स्वयंपाकघरातला नळ, डाव्या मुठीचा, म्हणजे गरम पाण्याचा. कितीही आवळा, थेंब पडतच राहतो. वायसर मी स्वतः बदलला. आमच्या वेळी प्रत्येक बाईला ते यायचं. आताच्या मुली नळ गळला की फोन काढून त्याचा फोटो घेतात. वायसर बदलूनही गळतो, म्हणजे मुठीखालचा अख्खा स्पिंडलच गेला.

गृहसंस्थेचा देखभालवाला दुपारी येऊन गेला. नाव रिको, वय चाळिशीचं, पोट साठीचं. वाकून पाहिल्यासारखं केलं आणि म्हणाला, "बाई, हा संग्रहालयात द्या. उद्या येऊन नवा बसवतो, एका मुठीचा. पाच मिनिटांचं काम."

"तुमची पाच मिनिटांची कामं मी रोज जिन्यात बघते," मी म्हटलं. "कठड्याला हात लावला की हातात येतो."

"अहो, पण तुम्हाला पैसे काहीच पडणार नाहीत."

"मला माझाच नळ हवाय. फक्त आतला भाग हवाय."

त्याने माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी रणगाड्याचा भाग मागितला. मी दार उघडून धरलं. सध्या थेंबाखाली स्पंज ठेवला आहे.

६ मार्च

गावाबाहेर शेतात जे भलंमोठं सामानाचं दुकान उभं राहिलं आहे, तिथे ट्रामने गेले. आत शिरलं की माणूस हरवतो आणि बाहेर येतो तो मेणबत्त्या घेऊन. नळांच्या रांगेत हिरव्या एप्रनमधली एक बाई सापडली.

"आजी, जुना तुकडा आणलाय का? तो बघितला की लगेच सांगते."

"मी तुझी आजी नाही. आणि तुकडा आणून उपयोग काय? नळ आमच्या काळातला आहे, बर्लिनची भिंत पडायच्या आधीचा. तुमच्याकडे त्याचं काही असणं शक्य नाही."

"बघायला काय जातंय?"

"माझी ट्राम जाते," मी म्हटलं आणि निघाले.

आपल्याकडची, पूर्वेची मापं वेगळी होती, पश्चिमेची वेगळी, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. भिंत पडली तेव्हा बूट, बिजागऱ्या, प्लग, काही म्हणून एकमेकांत बसत नव्हतं. तुकडा घेऊन या म्हणे. उद्या म्हणतील, नळालाच घेऊन या, जरा ओळख करून घेतो.

आपल्याकडचा जुना भाग या गावात एकाच माणसाकडे असू शकतो. त्याच्याकडे जाण्यापेक्षा मी बादल्या भरत बसेन.

७ मार्च

बादली भरली.

या नळाबद्दल लिहून ठेवते, म्हणजे डॉक्टरीणबाईंना रोगाचं मूळ कळेल.

जिगमारशी माझं लग्न झालेलं होतं. मी मोज्यांच्या कारखान्यात तपासणीला होते. बायकांचे तलम लांब मोजे हातावर चढवायचे, उजेडात धरायचे, सुटलेला टाका शोधायचा आणि एकसारखे दोन निवडून जोडी लावायची. मी नापास केलेला मोजा कुणी पास करून दाखवला नाही. या कामाला हात लोण्यासारखे लागतात. बोटाला एक भेग असली तरी तलम धागा अडकतो आणि माल गेला. आम्ही तेव्हा जुन्या इमारतीत राहायचो, स्वयंपाकघरात फक्त गार पाणी. हिवाळ्यात माझे हात फुटायचे. बाहेरून मिळणारं मलम लावूनही फुटायचे. शेवटी मुकादमीणबाई म्हणाली, अजून एक मोजा फाटला तर तुला पॅकिंगला टाकते.

त्याच वर्षी कामगार संघटनेने आम्हाला समुद्राकाठच्या सुट्टीची जागा दिली. किती वर्षं वाट पाहिली होती. मी पडद्याच्या कापडातून पोहायचा पोशाख शिवला होता.

जिगमार बांधकाम कंपनीत गोदामवाला होता. एका संध्याकाळी तो घरी आला, काखेत खोका. ती सुट्टी त्याने त्यांच्या विभागप्रमुखाच्या कुटुंबाला देऊन टाकली होती. बदल्यात नळ आणला होता. गरम आणि थंड, दोन मुठी, चकचकीत. "निर्यातीचा माल आहे," म्हणाला, "पश्चिमेला जायचा होता." पुढे महिनाभर तो गल्लीत प्रत्येकाला आत बोलावून नळ दाखवत होता. निर्यातीचा, निर्यातीचा. कान किटले माझे. गीझर त्याने आधीच कुठूनतरी पैदा करून ठेवला होता.

तुझ्या हातांसाठी आणला, असं म्हणाला. मी हात मागितले नव्हते. मी समुद्र मागितला होता.

नंतर भिंत पडली, त्याची कंपनी बंद झाली, माझा कारखाना बंद झाला. मी कामासाठी दारोदार फिरत होते आणि हा गॅरेजमध्ये बसून स्क्रू निवडत होता. मला नवरा हवा होता, मिळालं गोदाम. घटस्फोटात त्याला गॅरेज आणि ट्राबांट गाडी गेली, मला आमची मुलगी आन्त्ये आणि नळ. या घरात आले तेव्हा पहिल्या दिवशी पाना घेऊन तो नळ मीच बसवला. अख्खा समुद्र देऊन घेतलेला नळ आहे. तो मी मरेपर्यंत चालला पाहिजे, नाहीतर माझं नुकसान दुप्पट होतं.

पुढे समुद्राला जाता आलं असतं. कुणीही जातं आता. मी गेले नाही. कुणाबरोबर जायचं?

८ मार्च, शनिवार

गेले. बादल्या उचलून पाठ धरली.

रेल्वेच्या भरावामागे गॅरेजांच्या रांगा अजून तशाच आहेत. या बाप्यांनी त्या काळी शनिवार-रविवारी स्वतः विटा रचून बांधलेल्या, सरकारच्या जमिनीवर. आता जमीन नगरपालिकेची आहे. फाटकावर नोटीस लावली आहे: मेअखेर सगळी गॅरेजं रिकामी करा. तरी बाप्ये आपापल्या उघड्या दारात बिअर घेऊन बसले होते, आतल्या भंगाराकडे पाठ करून. मी रांगेतून जाताना सगळे गप्प झाले. आन्त्येच्या लग्नानंतर मी इकडे फिरकलेली नाही.

जिगमार उठला आणि दिव्यावर डोकं आपटलं. "रोस्विता? कोण गेलं?"

"अजून कुणी नाही. नळ गळतोय."

"कुठला?"

"तोच."

त्याने डोकं चोळायचं थांबवलं. मग म्हणाला, "तो आहे अजून?"

"मग काय, विकला असता? आतला स्पिंडल हवाय. गरम बाजूचा."

आत बरण्या, डबे, खण, छतापर्यंत. या माणसाने एका देशाचं भंगार सांभाळून ठेवलं आहे, तो देश गेला तरी. तो बराच वेळ शोधत राहिला. खाली वाकला, स्टुलावर चढला, दोनदा तोच डबा उघडला. शेवटी एक स्पिंडल काढला, वर्तमानपत्रात गुंडाळला आणि माझ्या हातात दिला.

"आज आठ मार्च," म्हणाला. "महिला दिन. माझ्याकडे फूल नाही गं."

"फुलं द्यायची तुला सवयच नव्हती," मी म्हटलं.

९ मार्च

बसत नाही. आटेच बारीक आहेत, नुसता आत पडतो. जन्मभर नट-बोल्ट कुरवाळले आणि आटे ओळखता येत नाहीत. अशा माणसाला एक नळ दुरुस्त करता येणार नाही, हे आजच लिहून ठेवते.

१५ मार्च, शनिवार

परत केला. तो म्हणाला, "अरेच्या, मग अर्धा इंच असणार," आणि पुन्हा डबे उपसायला लागला. मी उभी राहिले असते, पण दाराशी दुसरी खुर्ची होती. मागच्या वेळी नव्हती. कुणाची तरी उचलली असणार. थर्मासमधली कॉफी दिली. इतकी पातळ की कपाच्या तळाची फुलं दिसत होती. मी तसं सांगितलं.

"मग तू उकळून आण पुढच्या वेळी," तो म्हणाला.

"पुढची वेळ कशाला? आज बरोबर दे म्हणजे झालं."

तेवढ्यात पलीकडच्या रांगेतला वोर्लिट्झ आला, जुन्या मोपेडच्या कार्ब्युरेटरचा कसलातरी बारीक भाग मागत. जिगमार माझ्याशी बोलतच होता. बोलता बोलता हात मागे नेला, तिसऱ्या फळीवरचा डबा न बघता उघडला आणि भाग काढून वोर्लिट्झच्या हातावर ठेवला. वोर्लिट्झने पाहिलंसुद्धा नाही, खिशात टाकून गेला.

म्हणजे मोपेडचं सापडतं. माझं सापडत नाही. लग्नातही हेच होतं, गल्लीतल्या सगळ्यांच्या सायकली दुरुस्त आणि माझी पंक्चर.

दुसरा स्पिंडल घेऊन आले.

१६ मार्च

आटे बसले. दांडा आखूड. मूठ त्याच्यापर्यंत पोहोचतच नाही. याला आंधळाही नापास करेल.

१९ मार्च

आन्त्येचा फोन. ती स्टुटगार्टजवळ राहते, नवऱ्याबरोबर. जावई मोटारींच्या काहीतरी विभागात काहीतरी करतो. इतक्या वर्षांत त्यालाही ते सांगता आलेलं नाही. आन्त्ये म्हणाली, बाबांसाठी खालची खोली तयार केली आहे. गॅरेज गेलं की बाबा इथे काय करणार, एकटे, गुडघे गेलेले. ईस्टरला येते आणि सगळं ठरवते.

"मग ठरव," मी म्हटलं.

"आई, ते नुसते टाळतायत. तू सांग ना. तुझं ऐकतात."

"माझं ऐकलं असतं तर मी आज समुद्रावरून परत आलेली बाई असते."

"ते म्हणतात, आधी तुझ्या आईचा नळ, मग बघू. आई, हे नळाचं काय प्रकरण आहे?"

"गळतो," मी म्हटलं. "नळाचं याहून वेगळं काय असतं?"

फोन ठेवल्यावर मात्र राग आला. माझ्या नळामागे लपतो आहे. निर्णय घेता येत नाही म्हणून एका बाईच्या स्वयंपाकघराचा आडोसा. जाऊ दे त्याला दक्षिणेत. तिथे शेवया खाऊ दे आणि जावयाच्या बागेत पानं गोळा करू दे. मला काय.

स्पंज बदलला. जुना कुबट झाला होता.

२२ मार्च, शनिवार

कहर झाला. आज त्याने मला गॅसचा कॉक दिला. वर पिवळा ठिपका, ढळढळीत.

"हा गॅसचा आहे, जिगमार."

"असं होय?" तो म्हणाला आणि चष्मा कपाळावरून डोळ्यांवर घेतला. "खरंच की. बघ, माणूस म्हातारा होतो."

"तू म्हातारा झालास आणि मी उडाले असते स्वयंपाकघरासकट."

हसला. समोरचे दोन दात नवे आहेत. मग म्हणाला, पुढच्या शनिवारी मागच्या फळ्यांवरचे खोके काढतो, तिथे नक्की असणार. घरी चरबी लावलेला पाव उरला होता, टाकून देण्यापेक्षा मी बरोबर नेला होता. वरून मीठ आणि काकडीचं लोणचं. त्याने तो इतका हळू खाल्ला की मला वाटलं, त्यातही काही बिघाड शोधतोय.

५ एप्रिल, शनिवार

मागच्या शनिवारी दिलेला शॉवरचा निघाला, ते लिहायलाही लाज वाटते, माझी नाही, त्याची.

आज आयरशेके नेला. अंडी संपवायची होती आणि एकटीसाठी एवढा मोठा केक करून काय करायचं. खालचा पिठाचा थर थोडा करपला होता. "तुझा हा थर नेहमीच करपायचा," तो म्हणाला आणि दुसरा तुकडा घेतला. नंतर तिसराही.

गॅरेज बरंच रिकामं झालं आहे. ट्राबांट कुणीतरी हौशी माणूस घेऊन गेला. तिच्या जागी जमिनीवर तेलाचा डाग तेवढा राहिला आहे, आणि जिगमारची खुर्ची आता त्या डागावर असते. मी विचारलं, बाकीच्याचं काय करणार. भंगारवाला येईल, म्हणाला, मेअखेरीस.

मग एकदम म्हणाला, "रोस्विता, तू कधी गेलीस का गं तिकडे? समुद्राला?"

"नाही."

"समुद्र आहे अजून तिथेच."

"असू दे. त्याला गॅरेज रिकामं करायची नोटीस नाही."

त्याने माझ्या हातांकडे पाहिलं. केक कापताना मी हातमोजे काढले होते. म्हाताऱ्या बाईच्या हातांकडे असं टक लावून पाहणं असभ्यपणाचं आहे. तसं मी सांगणार होते, पण तोवर तो खोके उघडायला उठला होता.

आजचा स्पिंडल: आटे बरोबर, लांबी बरोबर, मुठीत जायचा शेवटचा भाग चौकोनी. माझ्या मुठीत दातेरी लागतो. त्याने प्रगती केली असं म्हणायला हरकत नाही. या वेगाने शंभरीला पोहोचेपर्यंत देईल.

१२ एप्रिल, शनिवार

आज मी ठरवलं होतं की पुरे झाला हा खेळ. सिंकखालचा कॉक बंद केला, जुना स्पिंडल काढला, रुमालात बांधला. त्याच्या नाकासमोर धरायचा आणि म्हणायचं, असा हवाय, असा. पण गॅरेजला कुलूप. वोर्लिट्झ म्हणाला, सगळे नगरपालिकेत गेलेत, शेवटची बैठक आहे.

"जिगमार तुमच्यासाठी थांबणार होता," तो म्हणाला. "आम्ही ओढून पाठवला. अध्यक्ष तोच होता ना आमचा."

मी म्हटलं, मला काय फरक पडतो. आणि ट्राम धरून त्या सामानाच्या दुकानात गेले, कारण स्पंज संपले होते.

स्पंजांकडे जाताना नळांची रांग लागते. हिरव्या एप्रनची बाई नव्हती, बरं झालं. मी सहज बघत होते. खुंट्यांवर प्लास्टिकच्या पाकिटांतून स्पिंडल टांगलेले. आणि एका खुंटीपाशी माझे पाय थांबले. जोडी लावणं हे माझं आयुष्यभराचं काम होतं, त्याला फूटपट्टी लागत नाही. रुमाल सोडला, जुना स्पिंडल पाकिटाशेजारी धरला. आटे तेच. लांबी तीच. वर दाते, तेवढेच, तसेच.

साधा, रोजचा माल. दुकानात शेकड्याने टांगलेला. बहुधा पहिल्या दिवशीही तिथेच टांगलेला होता.

रांगेत उभी असताना आठवलं. निर्यातीचा. पश्चिमेला विकायचा म्हणून त्यांच्या मापाने बनवलेला. महिनाभर गल्लीत दुसरं काही बोलला नव्हता तो. आणि आता महिनाभर मला आपल्याकडच्या डब्यांत त्याचा जोड शोधून देतोय, जिथे तो असणंच शक्य नव्हतं.

१३ एप्रिल

बसवला. वेळ लागला नाही. नळ बंद केला की बंद होतो.

स्वयंपाकघरात बसून पाहिलं. थेंब नाही. स्पंज कोरडा. आनंद व्हायला हवा होता. झाला नाही, हे नमूद करते. घर फार शांत वाटलं आणि मी रेडिओ लावला.

जिगमारचा विचार करत होते. निर्यातीचं तो विसरला. जो माणूस वोर्लिट्झचा कार्ब्युरेटर न बघता काढतो, तो स्वतःच्या आयुष्यातला सगळ्यात मोठा पराक्रम विसरला. पिवळा ठिपका दिसला नाही. तोच डबा दोनदा उघडतो. आन्त्येला सांगायला हवं. डोकं जायला लागलंय त्याचं, हळूहळू. म्हणजे त्याला घेऊन जावंच लागेल, त्या खालच्या खोलीत.

मला वाईट वाटलं. एवढ्या मठ्ठ माणसाबद्दल वाईट वाटावं याचाच राग आला.

१९ एप्रिल, शनिवार

नवा स्पिंडल आता नळात आहे, म्हणून त्याचं रिकामं पाकीट पर्समध्ये घेऊन गेले. त्याच्यापुढे ठेवायचं आणि म्हणायचं: घे, ही तुझी निर्यात. दुकानात मिळते. आता नळाचं निमित्त संपलं, जा मुलीकडे.

गॅरेजमध्ये फक्त दोन खुर्च्या, एक टेबल आणि मागच्या भिंतीशी काही खोके उरले होते. टेबलावर धुतलेला टेबलक्लॉथ. उद्या ईस्टर, म्हणून रंगवलेली दोन अंडी. आणि एक स्पिंडल, घासूनपुसून चमकवलेला, चौकोनी टोकाचा. लांबूनच नापास.

"आन्त्ये आज रात्री येतेय," तो म्हणाला. "तिला उत्तर हवंय."

"मग दे."

"काय देऊ? हे खोके उघडायचे राहिलेत. अर्धं काम टाकून माणूस जातो का कुठे?" त्याने तो स्पिंडल उचलून माझ्यापुढे धरला. "हा एकदा लावून बघ. नाही बसला तर मग खोके उघडावेच लागतील. ते सगळे निवडायचे म्हणजे या वर्षात काही होत नाही."

पर्स माझ्या मांडीवर होती. पाकीट वरच होतं. मी पर्स उघडली आणि रुमाल काढून नाक पुसलं. भरावावरच्या वाऱ्याने सर्दी होते.

"बघते," मी म्हटलं.

त्याला सांगून टाकायला हवं होतं. पण सणाच्या आदल्या दिवशी माणसाला तू विसरभोळा झालास असं तोंडावर सांगणं मला जमलं नाही. मी काही इतकी वाईट नाही.

२१ एप्रिल, ईस्टर सोमवार

तपासणी करायची तर नीट करायची. त्याने दिलेला भाग लावून बघते असं मी बोलले होते, आणि बोललेलं मी करते. म्हणून सिंकखालचा कॉक बंद केला, दुकानातला नवा स्पिंडल काढला, त्याचा लावून पाहिला. अर्थात मुठीत गेला नाही. मग जुनाच परत बसवला.

तुलनेसाठी जुनाच हवा. नाहीतर पुढचा तुकडा कशाशी ताडून बघणार? कारखान्यातही आम्ही फाटका नमुना टेबलावर जपून ठेवायचो.

नळ गळतो आहे. खाली नवा स्पंज ठेवला.

दुपारी त्याच्या घरी फोन केला. आन्त्येने उचलला. "सांग बाबांना," मी म्हटलं, "नाही बसला."

पलीकडे ती त्याला सांगताना ऐकू आली. मग आन्त्ये परत आली. "आई, ते म्हणतात की खोके उघडावे लागणार. आणि हसतायत. काय चाललंय तुम्हा दोघांचं?"

"तुझा बाप मला एक साधा भाग देऊ शकत नाही, हे चाललंय. खालच्या खोलीत तुमची सायकल ठेवा."

१२ मे

डॉक्टरीणबाईंकडे गेले. रक्तदाब उतरला आहे म्हणाल्या. श्रेय त्यांनी आपल्या गोळ्यांना दिलं. डायरी बघू म्हणाल्या, मी घरी विसरले असं सांगितलं.

२९ मे

आज पुरुषांचा दिवस. या दिवशी देशभरातले बाप्ये हातगाडीत बिअरची खोकी भरतात, ती गाडी रानात ओढत नेतात, रिकामी झाली की एकमेकांना तीत घालून परत आणतात. याला ते परंपरा म्हणतात.

सकाळी खिडकीतून पाहिलं तर वोर्लिट्झ आणि आणखी दोघं हातगाडी ओढत माझ्या दाराशी. गाडीत बिअर नव्हती, म्हणजे थोडी होती. बाकी जिगमारचे खोके. उद्या भंगारवाला येणार, सोमवारी गॅरेजं पाडणार. मागून जिगमार, गुडघा धरत.

"तुझ्या तळघराच्या खोलीत जागा आहे का?" त्याने खालून विचारलं. "निवडून होईपर्यंतच. दर शनिवारी येऊन निवडीन."

"तिथे माझे बटाटे असतात."

"बटाट्यांना हात लावणार नाही."

"आणि बिअर खाली पिऊन या. माझ्या जिन्यात नको."

खोके उतरले. वोर्लिट्झ आणि मंडळी गाडी घेऊन रानाकडे गेली, गात, बेसूर. जिगमारला बरोबर चल म्हणाले, तो नको म्हणाला, गुडघा दुखतो. मग वर आला. या घरात तो पहिल्यांदाच आला. टोपी हातात घेऊन स्वयंपाकघराच्या दारात उभा राहिला आणि नळाकडे बघत राहिला. मग जवळ जाऊन डाव्या मुठीवर बोट ठेवलं. थेंब पडला.

"टपकतोय," म्हणाला.

"मग काय, मी खोटं सांगते?"

मी कॉफी केली, चांगली दाट, म्हणजे त्याला कळेल कॉफी कशाला म्हणतात. त्याला चमचा हवा होता. खणात आहे म्हटलं, आणि माझी पाठ होती, मी केक कापत होते. खण उघडल्याचा आवाज आला. आणि बंद झाल्याचा येईना.

मग माझ्या लक्षात आलं. त्याच खणात, चमच्यांशेजारी, मी तो दुकानातला स्पिंडल ठेवला होता. नवाकोरा, चकचकीत. कुठेतरी ठेवायला हवाच होता.

मी वळले नाही. सुरी तशीच केकमध्ये धरून उभी राहिले. काळीज धडधडत होतं, हे डॉक्टरीणबाईंसाठी लिहिते. नळाचा थेंब स्पंजवर पडला. आणखी एक पडला.

मग खण बंद झाला. तो चमचा घेऊन टेबलाशी बसला, कॉफी ढवळली. त्यात त्याने साखर घातलीच नव्हती.

"त्या खोक्यांत असणार," म्हणाला. "सापडेल. पण वेळ लागेल हं, रोस्विता. फार वेळ लागेल."

"तुला घाई कधी होती?" मी म्हटलं आणि त्याला केकचा करपलेला कोपरा वाढला.

डोळ्यांसमोर होता तो. चमच्यांच्या शेजारी, हातभर अंतरावर, आणि दिसला नाही त्याला. एवढा वेळ नुसता चमचाच शोधत होता. अशा माणसाला नळ दुरुस्त करता येणार नाही, हे मी मार्चमध्येच लिहून ठेवलं आहे. शनिवारी येतो म्हणाला. बटाटे हलवून ठेवायला हवेत.